सुखचैनची जीभ

गिरणीत त्याला सगळे सुखचैन म्हणत. आईबापांनी ठेवलेलं नाव वेगळं होतं. ते पगाराच्या दिवशी तेवढं ऐकू येई, आणि तेव्हाही तो पटकन वळून बघत नसे.

कामाला आला त्या दिवशी मालक जेवायला गेले होते. फाटकाशी करंजाचं झाड होतं, दाट, खाली दुपारीही गारवा. तो तिथे वाट बघत बसला आणि बसल्या बसल्या झोपी गेला. दमलेला माणूस होता. तेव्हा तरुण होता, पण दमलेलाच होता. मशीनचा मिस्त्री बाहेर आला आणि ओरडला, "ओय, सुखचैनखाली कोण पडलंय ते?"

मिस्त्री पंजाबी. करंजाला त्याच्या भाषेत सुखचैन म्हणतात. गिरणीतल्या लोकांना झाडाचं ते नाव नवीन होतं आणि झाडाखालचा माणूसही नवीन होता, तेव्हा दोन्ही एकदमच पदरात पडली. संध्याकाळपर्यंत "सुखचैन, पोतं धर" आणि "सुखचैन, बाजूला हो" सुरू झालं होतं.

पुढे कधीतरी मिस्त्रीनेच सांगितलं, "आमच्याकडे माणसांचंही नाव असतं हे. माझा एक काका सुखचैन होता."

"कसा होता?"

"सगळ्या भावकीशी भांडून मेला."

"मग मला कशाला दिलंत ते नाव?"

"झाडावरनं दिलं. काकावरनं दिलं असतं तर आधी विचारलं असतं."

गिरणी तेलाची होती. एका लांब गल्लीच्या शेवटी पत्र्याचं छप्पर, आत एकच चालतं मशीन, मागच्या अंगाला एक जुनं मशीन गंजत पडलेलं. वर्षाचे दोन भाग होते. अर्धं वर्ष शेंगदाणे, अर्धं वर्ष करंजाच्या बिया. गिरणीतले लोक त्यांना गोडाचे दिवस आणि कडूचे दिवस म्हणत. गोडं तेल खायला जाई, कडू तेल साबणवाल्यांना आणि चामडं कमावणाऱ्यांना.

कडूच्या दिवसांत बियांची पिवळट धूळ हवेत उभी राहायची. डोळे चुरचुरायचे, शिंकांवर शिंका. तेल निघायचं ते काळपट लाल, आणि त्याचा वास असा की अंघोळ करून माणूस स्वच्छ व्हायचा, वास जायचा नाही. नखांत, केसांत, कानामागे तो राहायचाच. सुखचैनची बायको त्याचे शर्ट वेगळ्या दोरीवर वाळत घालायची आणि त्याचं अंथरूण बाहेर गॅलरीत टाकायची. भांडण नव्हतं. "तुम्ही तिकडे पडा, मला उद्या उठायचंय," एवढंच म्हणायची. तो पडायचा. गॅलरीला लागून दुसऱ्या बिऱ्हाडाची न्हाणी होती, तिथे रात्रभर नळ गळायचा. त्या आवाजाला तो झोप म्हणायला शिकला होता.

मग गोडाचे दिवस यायचे. दाणे भाजल्याचा वास अंगाला लागायचा. शेजारच्या बिऱ्हाडातली पोरं जिन्यात त्याच्या शर्टाला नाक लावायची. बायको अंथरूण आत घ्यायची. तो रात्री खोलीतल्या छताकडे बघत पडायचा आणि त्याला वाटायचं, आपण परत माणसांत आलो. वर्षाकाठी तेवढंच त्याचं होतं. बाकी काही त्याने कधी मागितलं नाही. मागावं लागतं हेही त्याच्या उशिरा लक्षात आलं, आणि लक्षात आलं तेव्हा कंटाळा आला होता.

कडूवरून गोडावर मशीन वळवायचं म्हणजे मोठं काम. मशीन उघडायचं, आतल्या सळ्या एकेक काढून पुसायच्या, लाकडाच्या भुशाने घासायच्या, परत बसवायच्या. मग हलक्या प्रतीचे दाणे घालून मशीन चालवायचं. निघेल ते तेल कडू-गोडाचं मिश्रण, ते साबणवाल्याला द्यायचं. परत दाणे, परत तेल. करंजाचा मागमूसही राहिला तर पिंपच्या पिंप वाया जातं. तो राहिला नाही हे कळायला कुठलं यंत्र नव्हतं. एका छोट्या वाटीत तेल घ्यायचं, बोट बुडवायचं, जिभेवर ठेवायचं.

पूर्वी मिस्त्री चाखायचा. मग एका वर्षी त्याने वाटी सुखचैनच्या हातात दिली. "आता तू चाख. मी विड्या ओढतो, माझ्या जिभेला काय कळतंय."

तेव्हापासून गोडं तेल सुखचैनच्या शब्दावर सुरू होऊ लागलं. "झालं" असं तो म्हणे आणि लोक पिंपं सरकवत. त्या एका शब्दापुरता तो गिरणीत कुणीतरी होता. बायकोला त्याने पहिल्यांदा हे सांगितलं तेव्हा ती म्हणाली, "म्हणजे चाखायचे पैसे मिळतात? मी इतकी वर्षं फुकट चाखतेय." पण शेजारणींत तिनेच ते सांगितलं, आणि सांगताना आवाज जरा चढवला.

जीभ कधी गेली ते त्याला सांगता आलं नसतं. आधी नाक गेलं. ते गेल्याचं त्याला बरंच वाटलं होतं, कडूच्या दिवसांत नाक नसलेलंच चांगलं. मग एका पालटाच्या वेळी त्याने पहिल्याच वाटीतलं तेल बोटावर घेतलं. हे तेल असं की माणसाने कानापर्यंत शहारावं. त्याने ते जिभेवर ठेवलं आणि काहीच झालं नाही. पाण्याला तरी पाण्याची चव असते. इथे फक्त ओलं होतं.

तो वाटी घेऊन तसाच उभा राहिला. मिस्त्रीने विचारलं, "काय?"

"कडू आहे अजून," तो म्हणाला. पहिलीच वाटी होती, कडू असणारच.

दुसऱ्या वाटीलाही तेच म्हणाला. तिसऱ्यालाही. पोत्यांमागून पोती मशीनमध्ये गेली, साबणवाल्याची पिंपं भरली, आणि शेवटी मिस्त्री म्हणाला, "ओय, अजून किती कडू?" तेव्हा त्याने वाटी पुढे केली. "तुम्हीच बघा जरा." मिस्त्रीने बोट बुडवलं, जीभ टाळ्याला लावून मचमच केलं आणि सुखचैनच्या तोंडाकडे बघितलं. सुखचैन मिस्त्रीच्या तोंडाकडे बघत होता. मिस्त्रीची मान हलली असं त्याला वाटलं, म्हणून त्यानेही हलवली. "झालं," तो म्हणाला.

मग हीच पद्धत पडली. दर वर्षी तो भीतीपोटी चार पोती जास्त वाया घालवायचा, मग वाटी मिस्त्रीपुढे धरायचा, दोघं एकमेकांच्या तोंडाकडे बघायचे, माना हलायच्या. तेल गोडच निघायचं. बायकोला त्याने सांगितलं नाही. कुणालाच नाही. सांगितलं तर जीभ नसलेला माणूस गोडावर कशाला ठेवतील? पोती उचलायला बाहेर रोजंदारीची माणसं रांगेत उभी असायची. ठेवलंच तर कडूवर ठेवतील. बारा महिने धूळ, बारा महिने गॅलरी.

जेवताना त्याला तिखट पोळायचं, मीठ जरासं कळायचं, गरम-गार कळायचं. बाकी तो चावायचा आणि गिळायचा. बायको ताटाकडे बघत असायची. तो ताट स्वच्छ करून उठायचा.

मालक वारल्यावर मालकीणबाई गिरणी बघू लागल्या. बाई सरळ होत्या, पण त्यांना वाया गेलेलं बघवत नसे. त्या वर्षी पालटाच्या दिवशी त्या मशीनपाशी येऊन उभ्या राहिल्या.

"सुखचैन, या साबणवाल्याला आपण दत्तक घेतलंय का? दर वर्षी इतकं तेल त्याच्या घशात?"

"बाई, कडू जायला वेळ लागतो."

"सासरे गिरणी बघायचे तेव्हा इतका लागत नव्हता. आटपा आता. लोक तेलासाठी थांबलेत."

बाई तिथेच उभ्या. त्याने वाटीत तेल घेतलं. रंग बरा दिसत होता. बोट जिभेवर ठेवलं, वाटी मिस्त्रीपुढे धरली. मिस्त्रीने मचमच केलं. माना हलल्या.

"झालं," सुखचैन म्हणाला.

शनिवारी संध्याकाळपर्यंत पिंपं भरून रांगेत उभी राहिली. सोमवारी सकाळी टेम्पो येऊन ती नेणार होता. गिरणीचा एक रिवाज होता, जुन्या मालकांपासूनचा. गोडाच्या पहिल्या तेलातला एकेक डबा मशीनवरच्या माणसांनी घरी न्यायचा. मशीनवरची माणसं दोघंच. एक डबा मिस्त्रीने नेला, एक सुखचैनने.

रविवारी दुपारी त्याचे व्याही-विहीण जेवायला आले, थोरल्या मुलीला घेऊन. व्याही बसमध्ये कंडक्टर होते. आयुष्यभर गर्दीत ओरडून त्यांचा आवाज मोठा झाला होता आणि तो घरातही लहान होत नसे.

"व्याहीबुवा, आज बरे ताजेतवाने दिसताय," ते दारातूनच म्हणाले. "तो तुमचा वास कुठे गेला?"

"गोडाचे दिवस सुरू झाले," सुखचैन म्हणाला.

"मग आम्ही वेळ साधली म्हणायची."

बायकोने नव्या डब्यातलं तेल काढून बटाटे तळले होते आणि भाजीलाही तेच घातलं होतं. दाराआडून ती म्हणाली, "आजच उघडलाय डबा. यांच्या हातचं तेल आहे." सगळे बसले. थोरलीने वाढलं.

सुखचैन जेवू लागला. बटाटे कुरकुरीत झाले होते, ते त्याला दातांनी कळलं. त्याने आणखी घेतले. समोर व्याहींचा घास तोंडात जाऊन थांबला होता. व्याही चावत होते, पण फार हळू, तोंडात खडा लागावा तसे. विहीणबाईंनी पाण्याचा पेला उचलला, प्यायल्या, परत भरायला पुढे केला.

"घ्या ना," सुखचैन म्हणाला. "संकोच कसला? बटाटे घ्या."

"घेतो, घेतो," व्याही म्हणाले. त्यांचा आवाज पहिल्यांदाच घरात मावेल एवढा झाला होता.

थोरलीने एक तुकडा तोंडात टाकला आणि तिचा चेहरा आवळला. तिने बापाकडे पाहिलं. बाप भाजी पोळीत गुंडाळून नीट खात होता.

"बाबा," ती हळूच म्हणाली.

"काय गं?"

"काही नाही."

"व्याहीबुवा," कंडक्टर शेवटी म्हणाले, "राग मानू नका. तुम्हाला हे कसं लागतंय?"

"झकास."

"झकास?"

"झकासच. का?"

विहीणबाईंनी नवऱ्याला कोपर मारलं. तेवढ्यात आतून भांडं आपटल्याचा आवाज आला. बायको पदराने तोंड पुसत बाहेर आली. तिने आत एक तुकडा चाखला होता. तिने आधी पाहुण्यांच्या ताटांकडे पाहिलं, मग नवऱ्याच्या. त्याचं ताट जवळपास रिकामं झालं होतं.

"अहो, थुंका ते," ती म्हणाली. "थुंका आधी!"

पाहुणे चांगले होते. व्याही म्हणाले, असं होतं कधी कधी, आमच्या डेपोत चहात एकदा कुणी साबण टाकला होता. विहीणबाईंनी दही-पोळी मागून घेतली. मोठमोठ्याने बोलत, हसत ते निघून गेले. जाताना थोरली बापाजवळ थांबली, काहीतरी विचारणार असं वाटलं, पण सासरे जिन्यातून हाका मारत होते.

बायको दार लावून आली. ताटं तशीच पडली होती.

"कधीपासून?" तिने विचारलं.

"काय कधीपासून?"

"माझ्याशी नाटकं करू नका. ते तेल कुत्र्याने तोंडात धरलं नसतं. तुम्ही ताट संपवत आणलंत."

तो खाली बसला. मग त्याने सांगितलं. फार सांगण्यासारखं नव्हतं. आधी नाक, मग जीभ, पहिली वाटी, मिस्त्रीची मान. सांगताना त्याचं त्यालाच ते दुसऱ्या कुणाचं वाटलं, एखाद्या खानावळीत समोर बसलेल्या माणसाने सांगावं तसं.

तिने समोरचं ताट बाजूला सरकवलं. मग म्हणाली, "थोरलीच्या लग्नाच्या आधीपासून?"

"हो."

"मी मेथी करायची तुमच्यासाठी. घरात कुणाला आवडत नाही, तुम्हाला आवडते म्हणून वेगळी करायची."

"आवडायची."

"एकदा भाजीत मीठ घालायला विसरले. तुम्ही बोलला नाहीत. मी शेजारणीला सांगितलं, आमचे हे देवमाणूस आहेत, एक शब्द बोलत नाहीत. पुढे पुढे वाटायला लागलं, यांना माझ्या हातचं काही चांगलं लागतच नाही, म्हणून बोलत नाहीत. एकदा मुद्दाम करपवली भाजी. तीसुद्धा खाल्लीत." ती थांबली. "मी चुलीशी उभी राहून तुमच्यावर रागावायची. मनातल्या मनात इतकी भांडले आहे मी तुमच्याशी, आणि तुम्हाला काही लागतच नव्हतं."

"सांगायला हवं होतं."

"तेव्हा नाही ना सांगितलंत. आता कशाला सांगताय?" ती ताटं उचलू लागली. उचलता उचलता थांबून म्हणाली, "त्या पिंपांचं काय?"

तेच तो केव्हापासून आत दाबून बसला होता. पिंपं रांगेत उभी होती. सकाळी टेम्पो येणार होता. शहरभर घराघरांत कढया तापणार होत्या.

"मिस्त्रींकडे जाऊन येतो," तो म्हणाला.

मिस्त्री दोन गल्ल्या पलीकडे एका खोलीत एकटा राहायचा. बायको कधीच वारली होती, मुलगा लांब कुठेतरी होता आणि तिथेच राहणार होता. जाताना सुखचैनच्या मनात एकच होतं. मिस्त्रीनेही डबा नेलाय, त्याने उघडला असेल, त्याला कळलं असेल, आता तो शिव्या घालेल. घालू दे. मग दोघं मिळून काय करायचं ते ठरवू.

दार उघडंच होतं. मिस्त्री स्टोव्हपाशी बसून अंडी तळत होता. शेजारी डबा, झाकण काढलेलं, तेल चांगलं चार बोटं उतरलेलं.

"ये, ये," मिस्त्री म्हणाला. "बस. खातोस?"

सुखचैन बसला. मिस्त्रीने अंडं ताटलीत घेतलं, पावाचा तुकडा मोडला, तेलात फिरवला आणि खाल्ला. सावकाश खाल्ला. दुसरा तुकडा मोडला. त्याच्या तोंडावर काही नव्हतं. म्हाताऱ्या माणसाचं जेवण चाललं होतं.

सुखचैन बघत राहिला.

"मिस्त्री," तो म्हणाला, "कसं लागतंय?"

"कसं म्हणजे? अंडं आहे."

"तेल कडू आहे."

मिस्त्रीचा हात थांबला. त्याने ताटलीकडे पाहिलं, डब्याकडे पाहिलं, मग सुखचैनकडे. हे तोंड सुखचैनने दर वर्षी वाटीपलीकडे पाहिलं होतं आणि कधी ओळखलं नव्हतं.

"तू झालं म्हणालास," मिस्त्री म्हणाला.

"तुम्ही मान हलवलीत."

"तू झालं म्हणणार असं तुझ्या तोंडावर दिसलं, म्हणून हलवली."

"मला कळत नाही मिस्त्री. कधीचंच कळत नाही."

स्टोव्ह फरफरत होता. मिस्त्रीने तो बंद केला. मग तो हसू लागला, आवाज न करता, खांदे हलवत. हसता हसता त्याला ठसका लागला आणि सुखचैनने त्याच्या पाठीवर थापट्या मारल्या.

"वाटी तुझ्या हातात का दिली वाटलं तुला?" ठसका थांबल्यावर मिस्त्री म्हणाला. "विड्या तर मी मिसरूड फुटायच्या आधीपासून ओढतो. माझी गेली म्हणून तुला दिली. वाटलं, पोरगा आहे, जीभ ताजी आहे. तू बोलला असतास तर तिसऱ्या कुणाला दिली असती."

"तुम्ही बोलला असतात तर मी बोललो असतो."

"हं."

दोघं बसले. बाहेर कुणीतरी बादल्या घासत होतं.

"एक करू," मिस्त्री म्हणाला. "पहाटे जाऊ. मशीन परत चालवू, आधी भरलेली पिंपं बाजूला काढू. बाईंना सांगू, झाकण नीट नव्हतं, पाणी गेलं."

"आणि नंतरची गोड आहेत हे कोण सांगणार? तुम्ही की मी?"

मिस्त्रीने पावाचा उरलेला तुकडा ताटलीच्या कडेला ठेवला, खूप काळजीपूर्वक, जणू तो फुटेल.

"मला काढलं तर मी कुठे जाऊ, सुखचैन?" तो म्हणाला. "तू पोती तरी उचलशील. मला आता पाण्याची बादली उचलवत नाही. मशीनचा आवाज ऐकून नट पिळता येतो, तेवढंच उरलंय. बाईंना कळलं ना, की आपल्या दोघांत मिळून एक जीभ नाही..."

सुखचैनला उठावंसं वाटत नव्हतं. तिथेच भिंतीला पाठ टेकून पडावं, कुणीतरी येऊन सगळं सांगून टाकावं, सोमवार होऊन जावा. मिस्त्रीच्या खोलीत एकच खाट होती आणि त्यावर धुतलेले कपडे पडले होते.

"अंडं खाऊ नका ते," तो म्हणाला आणि उठला. "पोट बिघडेल."

मालकीणबाई गिरणीच्याच वर राहायच्या. रविवारी त्यांच्याकडे कुणी जात नसे. त्यांनी दार उघडलं तेव्हा त्यांच्या केसांना मेंदी लावलेली होती आणि हातात वर्तमानपत्र.

"काय रे? आग लागली का?"

"बाई, तेल कडू गेलंय पिंपांत."

"कोण म्हणतं?"

"माझी बायको म्हणते. व्याही म्हणाले."

"आणि तू काय म्हणतोस?"

"मला कळत नाही बाई. माझी जीभ गेलीय. बरीच वर्षं झाली."

बाईंनी त्याच्याकडे असं पाहिलं जणू तो दुसऱ्या कुणाचा निरोप घेऊन आलाय. मग त्या जिना उतरल्या, मेंदीसकट. पहिल्याच पिंपाचं झाकण उघडलं, बोट बुडवलं, चाखलं, आणि धावत जाऊन फाटकाबाहेर थुंकल्या. दोनदा थुंकल्या. परत आल्या तेव्हा डोळ्यांत पाणी होतं.

"अरे देवा," त्या म्हणाल्या. "हे लोकांनी खाल्लं असतं तर? माझ्या दारात उभे राहिले असते सगळे." मग जरा वेळाने, "मीच म्हटलं होतं, आटपा. पण तुझ्या जिभेच्या भरवशावर म्हटलं होतं रे."

"हो बाई."

"मग दर वर्षी कसं काय चालवलंस?"

"जास्त वाया घालवत होतो."

"साबणवाल्याला उगाच शिव्या दिल्या मी." त्या पिंपाच्या कडेवर हात टेकून उभ्या राहिल्या. "आणि मिस्त्री? तो चाखतो ना तुझ्यानंतर? त्याची जीभ ठीक आहे ना?"

शेडमध्ये दिवस उतरत होता. पत्र्याच्या भोकांतून उजेडाच्या काड्या आल्या होत्या आणि त्यांत शेंगदाण्याच्या सालीची धूळ तरंगत होती. त्या धुळीला वास असणार, सुखचैनला वाटलं. चांगला असणार.

"ठीक आहे त्यांची," तो म्हणाला. "त्यांना मीच घाई केली. बोट नुसतं लावलं, चाखू दिलं नाही. 'झालं' म्हणून टाकलं."

"का?"

"तुम्ही उभ्या होतात."

बाईंनी मान हलवली. त्या मागच्या अंगाला गेल्या, जुन्या गंजक्या मशीनपाशी उभ्या राहिल्या, त्याच्या चाकाला हात लावून बघितलं.

"हे चालेल का?"

"तेल-पाणी केलं तर चालेल."

"मग ठरलं. कडू यावर. बारा महिने यावरच, पुढच्या मशीनला करंज दाखवायचाही नाही. या खेपेला शेवटचं मी चाखेन, मग पालट नको, चाखणं नको, काही नको. पुढे मिस्त्री राहील." त्या त्याच्याकडे वळल्या. "तुला काढत नाही. पण गोडावर तुला आता ठेवता येणार नाही, कळतंय ना? लोकांना कळलं तर काय सांगू?"

"कळतंय."

"मागचं तू बघ."

"बघतो."

त्या निघाल्या, परत थांबल्या. "घरी काही म्हणतील?"

"म्हणेल बायको," तो म्हणाला. "तिला म्हणू दे."

सोमवारी टेम्पो रिकामा परत गेला. साबणवाला आला आणि सगळी पिंपं घेऊन खुशीत गेला. मिस्त्री सकाळपासून पुढच्या मशीनच्या सळ्या पुसत होता, आणि बाई आसपास असल्या की वाकून जास्तच जोराने पुसत होता. सुखचैनने जुन्या मशीनचा गंज खरवडला, तेल घातलं, पट्टा चढवला. दुपारी गोदामातून करंजाची पोती मागे न्यायला सुरुवात केली. रोजंदारीची माणसं पुढे शेंगदाणे उतरवत होती, मागे कुणाला यायचं नव्हतं.

मिस्त्री हात पुसत आला. इकडेतिकडे बघितलं.

"बाईंनी मला विचारलं," तो हळूच म्हणाला. "की सुखचैनने तुम्हाला चाखू दिलं नाही, खरं का?"

"मग?"

"खरं म्हणालो." तो परत हात पुसू लागला. "मी आत्ता जाऊन सांगतो. खोटं म्हणालो म्हणून सांगतो."

"सांगून काय होईल? मागे एकच मशीन आहे. दोघांना जागा नाही." सुखचैनने पोत्याचा कान धरला. "जा पुढे. त्या मशीनचा आवाज शनिवारीच बिघडला होता."

मिस्त्री गेला नाही. वाकला आणि पोत्याचा दुसरा कान धरला. त्याच्या मनगटाच्या शिरा वर आल्या. दोघांनी मिळून ते जमिनीपासून थोडंसं उचललं आणि बाजूबाजूने चालू लागले, दर चार पावलांवर थांबत. जुन्या मशीनपाशी पोतं टेकलं तेव्हा मिस्त्री त्याच्यावरच बसला. छाती धपापत होती, धुळीने डोळे वाहू लागले होते.

"दमलो रे," तो म्हणाला.

"एकच पोतं झालंय अजून," सुखचैन म्हणाला, आणि त्याच्याशेजारी बसला.